स्त्रीच्या मनाचे वैद्यक : डॉ. विक्रम पटेल यांच्या कार्याचा परिचय

(मंडळाच्या वार्षिक मेळाव्यात वाशीम येथे केलेले भाषण)



मी मॅट्रिकपर्यंत शिकलेला एक साधा शाळामास्तर. वैद्यकशास्त्रावर अधिकारवाणीने बोलावे अशी माझी योग्यता नाही. परंतु मंडळाच्या चिटणीसांनी आज्ञा केली की, एखाद्या कर्तबगार डॉक्टरांचे चरित्र सांगा, म्हणजे आपल्या मुलामुलींना स्फूर्ती मिळेल. ती आज्ञा मी आनंदाने शिरोधार्य मानली. मात्र चरित्रनायक निवडताना मी थोडी वेगळी वाट धरली आहे, तिचे कारण प्रथम सांगतो.

आपल्या समाजातील हुशार मुलगा किंवा मुलगी डॉक्टर व्हायचे म्हणते, तेव्हा हृदयाचा डॉक्टर, हाडांचा डॉक्टर, डोळ्यांचा डॉक्टर अशी नावे निघतात. मनाच्या विकारांचा डॉक्टर होईन असे म्हणणारा विद्यार्थी माझ्या सबंध नोकरीत मला भेटला नाही. भेटला असता तर त्याच्या वडिलांनी त्याला विचारले असते, "अरे, वेड्यांचा डॉक्टर होऊन काय करशील?" या प्रश्नातच आपले अज्ञान सामावलेले आहे. मनाचे दुखणे म्हणजे वेड, आणि वेड म्हणजे नागपूरचे मनोरुग्णालय, एवढीच आपली समजूत. त्यामुळे जे दुखणे आपल्याच माजघरात आहे ते आपल्याला दिसत नाही, आणि त्याची झळ सर्वांत अधिक आपल्या आयाबहिणींना व सुनांना लागते. उदासीनतेचा विकार पुरुषांपेक्षा स्त्रियांना सुमारे दीडपट ते दुप्पट प्रमाणात होतो, असे जगभरच्या पाहण्यांतून आढळून आले आहे. म्हणून ज्यांनी हे दुखणे माजघरात जाऊन शोधले, त्या डॉ. विक्रम पटेल यांच्या कार्याचा परिचय मी आज करून देणार आहे.

डॉ. पटेल यांचा जन्म १९६४ साली मुंबईत झाला. मुंबईच्याच ग्रँट मेडिकल कॉलेजात त्यांनी वैद्यकीचे शिक्षण घेतले. पुढे ऱ्होड्स शिष्यवृत्ती मिळवून ते विलायतेस ऑक्सफर्ड येथे गेले आणि लंडनमध्ये मनोविकारशास्त्रात पारंगत झाले. एवढ्या विद्येच्या बळावर लंडनमध्ये सुखाने राहता आले असते. परंतु १९९३ च्या सुमारास ते आफ्रिकेतील झिम्बाब्वे देशाच्या हरारे या राजधानीत संशोधनासाठी गेले, आणि तेथे त्यांच्या विचारांना निराळे वळण लागले.

हरारेच्या गरीब वस्त्यांतील लोकांना 'डिप्रेशन' हा शब्द ठाऊक नव्हता. परंतु त्यांच्या शोना भाषेत 'कुफुंगिसिसा' असा एक शब्द आहे. त्याचा अर्थ अतिशय विचार करणे, विचारांनी पोखरून निघणे. हा शब्द वाचला तेव्हा मला आपली वऱ्हाडी बोली आठवली. "तिनं लई विचार घेतला", "जिवाला घोर लागला", "मनाला लावून घेतलं" असे आपल्याही घरांतून बोलले जाते. म्हणजे दुखण्याची जाण अडाण्यासही आहे, फक्त ते दुखणे दवाखान्यात नेण्याजोगे आहे ही जाण नाही. रोग्याला त्याच्याच भाषेत, त्याच्याच शब्दांत विचारावे, हा धडा डॉ. पटेल यांनी आफ्रिकेत घेतला.

हा धडा गाठीशी बांधून ते भारतात परतले. १९९६ साली सहकाऱ्यांसमवेत त्यांनी गोव्यात 'संगथ' नावाची संस्था स्थापन केली. आपल्या 'संगत' या शब्दाशी या नावाचे नाते उघड आहे. पुढे त्यांना लंडनच्या आणि अमेरिकेतील हार्वर्डच्या विद्यापीठात प्राध्यापकपद मिळाले. 'टाइम' साप्ताहिकाने २०१५ साली जगातील शंभर प्रभावी व्यक्तींत त्यांची गणना केली. २०१९ साली त्यांना कॅनडाचा गेर्डनर पारितोषिकाचा सन्मान लाभला. मानसन्मानांची यादी मी येथेच थांबवितो. मला सांगायचे आहे ते गोव्यातील खेड्यापाड्यांतल्या स्त्रियांविषयी त्यांना काय उमगले ते.

आपल्या घरांतील एक नित्याची तक्रार घ्या. "अंगात त्राण नाही, हातपाय गळून जातात, कामाला जीव होत नाही." आपण काय करतो? ताकदीची बाटली आणतो, सलाईन लावतो, आणि त्याने गुण आला नाही की म्हणतो, "हिला कामाचा कंटाळा आहे." डॉ. पटेल व त्यांच्या सहकाऱ्यांनी गोव्यात १८ ते ५० वर्षे वयाच्या सुमारे २,५०० स्त्रियांची पाहणी केली. सहा महिन्यांहून अधिक काळ असा थकवा सोसणाऱ्या स्त्रिया शंभरात बारा निघाल्या. त्यांचे रक्तही तपासले होते. आपल्याला वाटते की थकवा म्हणजे रक्त कमी. परंतु या पाहणीत थकव्याचा रक्तातील हिमोग्लोबिनशी संबंध आढळला नाही. संबंध आढळला तो घरच्या कर्जाशी, उपासमारीशी, नवऱ्याच्या जबरदस्तीशी, घरात कोणाचा आधार नसण्याशी आणि मनाच्या उदासीनतेशी. हे संशोधन २००५ साली प्रसिद्ध झाले. श्वेतप्रदराची, म्हणजे अंगावरून पांढरे जाण्याची जी तक्रार स्त्रिया दबल्या आवाजात करतात, तिच्याबाबतही याच पाहणीत तसेच दिसून आले. तेथे जंतुसंसर्गापेक्षा मनाच्या क्लेशाचा धागा अधिक बळकट होता.

यावरून रक्त तपासू नये असा अर्थ कोणी काढू नये. पंडुरोग आपल्या भागात भरपूर आहे, तपासणी अवश्य करावी. परंतु तपासणीत काही निघाले नाही म्हणजे ती बाई ढोंग करते, असा निवाडा देऊन मोकळे होऊ नये, एवढाच त्याचा बोध. मनाची व्यथा सांगायला स्त्रीला मुभा नाही. शरीराची व्यथा सांगायला मुभा आहे. म्हणून मनाची व्यथा शरीराच्या तोंडाने बोलते.

आता बाळंतिणीविषयी. आपल्याकडे बाळंतपणाचा सोहळा मोठा. डिंकाचे लाडू, शेकशेगडी, तेलमालीश, सव्वा महिन्याची विश्रांती, काही उणे पडू देत नाहीत. डॉ. आनंदीबाई जोशी १८८६ साली अमेरिकेत डॉक्टर झाल्या, तेव्हा त्यांच्या प्रबंधाचा विषय हिंदूंमधील प्रसूतिशास्त्र हाच होता. त्यांचे स्वतःचे पहिले मूल दहा दिवसांतच दगावले होते. बाळंतिणीच्या देहाकडे शास्त्राचे लक्ष वळावे म्हणून त्या माउलीने सातासमुद्रापलीकडे जाऊन विद्या संपादन केली. देहाकडे लक्ष वळले. मनाकडे वळण्यास मात्र आपल्याकडे आणखी शंभर वर्षे लागली.

डॉ. पटेल, मर्लिन रॉड्रिग्ज व नंदिता डिसोझा यांनी गोव्यातील एका जिल्हा रुग्णालयात बाळंतपणासाठी नाव नोंदविलेल्या २७० गरोदर स्त्रियांचा मागोवा घेतला. प्रसूतीनंतर सहा ते आठ आठवड्यांनी पाहिले तो शंभरात तेवीस माता उदासीनतेच्या विकाराने ग्रासलेल्या. त्यांतील बहुतेकींचे मन गरोदरपणातच आजारी होते, आणि निम्म्याहून अधिक माता सहा महिन्यांनंतरही बऱ्या झाल्या नव्हत्या. कारणे शोधली तेव्हा गरिबी, नवऱ्याशी बेबनाव व मारहाण ही तर निघालीच, परंतु आणखी एक निघाले. आधीची मुलगी असताना पुन्हा मुलगीच झाली, तर मातेला हा विकार होण्याचा धोका वाढतो. हे संशोधन २००२ साली प्रसिद्ध झाले. पुढच्या वर्षी त्याच मंडळींनी दाखवून दिले की, अशा मातांची बाळे सहा महिन्यांची झाली तरी वजनाने व उंचीने मागे राहतात.

बंधुभगिनींनो, हे वाचताना मला माझ्या शाळेतील एक मुलगी आठवली. गाव व नाव सांगण्याचे प्रयोजन नाही. इयत्ता पाचवीत असलेली ती मुलगी तान्ह्या बहिणीला कडेवर घेऊन वर्गात येई. आई घरी भिंतीकडे तोंड करून निजून राही. तिसरी मुलगी झालेली. बाळाला पाजायला घेई ना, कोणाशी बोले ना. घरची माणसे म्हणाली, बाहेरचे काही लागले आहे. उतारा झाला, अंगारा झाला, गंडादोरा झाला. आषाढात त्या बाईने विहीर जवळ केली. सरकारी कागदावर पाय घसरल्याची नोंद झाली आणि गावानेही तीच मान्य केली. आपल्या भागात विहिरीवर पाय घसरून गेलेल्या तरुण बायका किती असतील, याचा प्रत्येकाने आपापल्या गावापुरता मनाशी हिशेब करावा. त्या बाईला जो आजार होता त्याला नाव आहे, उपचार आहे, आणि त्यातून बाई बरी होते, ही गोष्ट त्या घराला कोणी सांगितली नव्हती.

बाळंतिणीच्या मनाचे विकार तीन प्रकारचे असतात. ते नीट लक्षात ठेवावेत. पहिल्या आठवड्यात उगाच रडू येणे, मन हळवे होणे, हा प्रकार बहुतेकींना होतो व दोन आठवड्यांत आपोआप जातो. त्याला फक्त विश्रांती व मायेची माणसे हवीत. दोन आठवडे उलटले तरी उदासी हटत नाही, झोप नाही, बाळाविषयी प्रेम वाटत नाही, जगण्यात अर्थ नाही असे वाटते, तो दुसरा प्रकार. त्याला उपचार लागतात. तिसरा प्रकार हजार बाळंतिणींत एकदोघींना होतो, परंतु तो सर्वांत भयंकर. बाई असंबद्ध बोलते, भास होतात, बाळाविषयी विपरीत कल्पना मनात येतात. यात एक दिवसही न दवडता तिला रुग्णालयात न्यावे. तिच्या व बाळाच्या जिवाचा प्रश्न असतो. नेमक्या याच प्रकाराला आपण 'अंगात आले' म्हणतो आणि देवऋषी शोधत हिंडतो.

आता कोणी विचारील, मास्तर, हे सर्व खरे, परंतु एवढे मनोविकारतज्ज्ञ आणायचे कोठून? या प्रश्नाला डॉ. पटेल यांनी दिलेले उत्तर हीच त्यांच्या आयुष्याची खरी कमाई होय. तज्ज्ञ थोडे आहेत आणि थोडेच राहणार. तेव्हा गावातल्याच समंजस माणसाला शिकवून तयार करावे, असे ते म्हणाले. २००३ साली त्यांनी लिहिलेल्या इंग्रजी पुस्तकाचे नावच 'जेथे मनोविकारतज्ज्ञ नाही' अशा अर्थाचे आहे. परंतु नुसते बोलून ते थांबले नाहीत. शेतकरी जसा एका वाफ्यात नवे बियाणे आणि दुसऱ्यात जुने पेरून उत्पन्न मोजतो, तसे त्यांनी मोजून पाहिले.

गोव्यातील २४ दवाखान्यांत सुमारे २,८०० रुग्णांवर केलेला असा प्रयोग २०१० साली प्रसिद्ध झाला. सरकारी आरोग्य केंद्रांत जेथे शिकविलेला समुपदेशक बसविला होता, तेथे सहा महिन्यांत शंभरापैकी सुमारे ६६ रुग्ण बरे झाले. जेथे नव्हता तेथे सुमारे ४२. खाजगी दवाखान्यांत मात्र असा फरक दिसला नाही, हेही त्यांनी प्रामाणिकपणे नमूद केले. पुढे तीव्र उदासीनतेच्या रुग्णांसाठी त्यांनी सहा ते आठ बैठकींचा एक उपचार तयार केला. रुग्णांत बहुसंख्य स्त्रिया होत्या. तीन महिन्यांनी शंभरात ६४ जण विकारातून बाहेर आले. नेहमीच्याच उपचारावर असलेल्यांत हे प्रमाण ३९ होते.

या बैठकींत जादू काही नाही. आठवड्यातून एकदा अर्धा-पाऊण तास समुपदेशक रुग्णाजवळ बसतो. काय सुटले ते विचारतो. मन खचले की माणूस एकेक गोष्ट सोडत जातो, आणि सोडल्यामुळे मन आणखी खचते. आपल्या घरातील उदाहरण घ्या. दारापुढची रांगोळी सुटते, भजनाला जाणे सुटते, शेजारणीकडे बसणे सुटते. तर त्यांतले एक लहानसे काम या आठवड्यात पुन्हा धरायचे, पुढल्या आठवड्यात दुसरे. अडचण कोणती आली ते सांगायचे व दोघांनी मिळून तोड काढायची. दोर तुटलेल्या बादलीला एकेक पीळ देऊन पुन्हा दोर बांधावा, तशी ही रीत आहे.

गरोदर स्त्रियांसाठी तर त्यांनी गावातीलच अनुभवी आयांना तयार केले. त्यांना 'सखी' म्हणत. गोव्यातील २८० गरोदर स्त्रियांवरील हा प्रयोग २०१९ साली प्रसिद्ध झाला. त्याचा गुण बेताचाच आला. परंतु शेजारीण बाईने शेजारणीचे मन सावरण्यास हातभार लावता येतो, हे त्यातून ठरले.

गोवा दूर आहे म्हणाल, तर आपल्या शेजारच्या अमरावती जिल्ह्याकडे या. वाशीम, अमरावती, अकोला, यवतमाळ, बुलढाणा व वर्धा या सहा जिल्ह्यांसाठी २००६ साली पंतप्रधानांचे मदतीचे पॅकेज आले, ते शेतकऱ्यांच्या आत्महत्यांमुळे. पैसा आला, सिंचनाच्या योजना आल्या. मनाचा विचार त्यात फारसा नव्हता. पुढे डॉ. राहुल शिधये, डॉ. पटेल व त्यांच्या सहकाऱ्यांनी 'विश्राम' नावाचा कार्यक्रम विदर्भात आणला. अमरावती जिल्ह्यातील ३० गावांत आरोग्य कार्यकर्ते घरोघर गेले, सभा घेतल्या, समुपदेशक बसविले, गरज असेल त्यास तज्ज्ञाकडे पोहोचविले. आरंभी उदासीनतेने आजारी असलेल्या शंभरांतील चारच लोक उपचार घेत होते. दीड वर्षाने ते २७ झाले. आत्महत्येचे विचार मनात येणाऱ्यांचे प्रमाण शंभरात पाचांवरून अडीचवर आले. हे २०१७ साली प्रसिद्ध झाले. कारंजाच्या सीमेपलीकडे जे घडले ते आपल्याकडे घडू नये असे थोडेच आहे?

याच क्षेत्रातील आणखी एका विदुषींचे नाव घेतल्यावाचून राहवत नाही. बंगळूरच्या राष्ट्रीय मानसिक आरोग्य संस्थेतील प्राध्यापक डॉ. प्रभा चंद्र यांनी स्त्रियांचे मानसिक आरोग्य हाच आपला विषय केला. आजारी मातेला बाळासह दाखल करून घेणारा, आपल्या देशातील अशा प्रकारचा पहिला विभाग २००९ साली तेथे सुरू झाला. आई बरी होते आणि बाळ तिच्याच कुशीत राहते. २०१७ च्या मानसिक आरोग्य सेवा कायद्यानेही हेच तत्त्व उचलून धरले. उपचार घेणाऱ्या मातेपासून तीन वर्षांच्या आतील मूल सामान्यतः तोडू नये, असे त्यात सांगितले आहे. त्याच कायद्याने आत्महत्येचा प्रयत्न करणाऱ्यास गुन्हेगार न मानता तीव्र मानसिक ताणाखाली असलेला समजावे असेही ठरविले आहे. तेव्हा पोलिसांच्या भीतीने अशा बाईला दवाखान्यात नेण्याचे कोणी टाळू नये.

डॉ. पटेल यांच्या कार्याने सर्व दुःखे मिटतात असा माझा दावा नाही. समुपदेशनाने नवऱ्याची दारू सुटत नाही, सावकाराचे कर्ज फिटत नाही. ते काम समाजाचे व सरकारचे. परंतु उठून बसायला बळ आले, तरच माणूस त्या संकटांशी झुंजेल.

आता शेवटी आपल्या मंडळाकडे वळतो. ज्ञातीचे मंडळ काय करू शकते? पुष्कळ करू शकते, कारण या दुखण्यावर पडदा टाकणारे हात सरकारचे नाहीत, आपलेच आहेत. आपण वधूवर मेळावे भरवितो. एखाद्या घरात कोणी मनाच्या आजारावर गोळ्या घेतो असे कळले की त्या घरातील मुलीची सोयरीक मोडते. त्या भयाने आईबाप आजार लपवितात, उपचार टाळतात, आणि "लग्न केले की ठीक होईल" म्हणून मुलीला उजवून मोकळे होतात. पुढे सासरी आजार उसळतो, सून 'येडी' ठरते, माहेरी धाडली जाते. मधुमेहाच्या गोळ्या घेणाऱ्या घराशी आपण सोयरीक करतो ना? मग मनाच्या गोळ्यांनी काय पाप केले? उपचार घेऊन बरे झालेल्या माणसाविषयी सोयरिकीच्या बोलण्यात कुजबूज करणार नाही, असा निश्चय आजच्या सभेने केला तर तो मोठमोठ्या देणग्यांहून मोलाचा ठरेल.

दुसरी विनंती महिला मंडळास. गावोगावच्या चारदोन पोक्त, तोंड बंद ठेवणाऱ्या बायकांनी नव्या बाळंतिणीकडे सव्वा महिन्यात दोनदा जावे. बाळ पाहावे, आणि बाळ पाहून झाल्यावर आईलाही विचारावे, "तुला झोप लागते का? मन कसं आहे?" मुलगी झाली असेल तेथे तर अवश्य जावे आणि पेढा मागून खावा. दोन आठवड्यांवर उदासी टिकली असे दिसले तर आशाताईस व प्राथमिक आरोग्य केंद्रास कळवावे. सरकारने १० ऑक्टोबर २०२२ पासून 'टेली मानस' ही दूरध्वनी सेवा सुरू केली आहे. तिचा क्रमांक १४४१६ असा आहे. त्यासाठी पैसे पडत नाहीत आणि बोलणे मराठीत होते. हा क्रमांक प्रत्येकीने देव्हाऱ्याजवळच्या कॅलेंडरवर लिहून ठेवावा.

आणि विद्यार्थी मित्रांनो, तुमच्यापैकी कोणी डॉक्टर होणार असेल, तर मनाच्या वैद्यकाकडे तुच्छतेने पाहू नका. येथे यंत्रे थोडी लागतात, कान मोठे लागतात. मुलींना मी विशेष आग्रहाने सांगतो. तुमची आजी जे डॉक्टरला सांगू शकली नाही, ते कदाचित तुम्हाला सांगेल.

 आज घरी गेल्यावर, स्वयंपाकघरात जी सर्वांत शेवटी जेवते तिच्याजवळ घटकाभर बसावे, एवढे मागणे मागून मी आपली रजा घेतो.